पुस्तकातली बाग ठाण्याच्या गॅलरीत आणताना

बागकामाच्या जवळजवळ प्रत्येक पुस्तकात एक वाक्य असतं: या रोपाला रोज सहा तास पूर्ण ऊन हवं. लिहिणाऱ्याने ते स्वतःच्या अंगणात पाहून लिहिलेलं असतं, त्यामुळे ते खोटं म्हणता येत नाही. फक्त ते अंगण इंग्लंडात होतं की पुण्यात, आणि ऊन डिसेंबरचं होतं की एप्रिलचं, हे त्या वाक्यात नसतं. मग घोडबंदर रोडच्या एखाद्या उंच इमारतीत, पश्चिमेच्या गॅलरीत, कुणी एप्रिलमध्ये टोमॅटोला मनोभावे सहा तास ऊन देतं. पानं मलूल होतात, फुलं गळतात, आणि शेवटी निष्कर्ष निघतो की आपल्या हाताला गुणच नाही. असं म्हणून कुंड्या वॉचमनला देऊन टाकणारी माणसं मी पाहिली आहेत, आणि प्रत्येक वेळी वाईट वाटलं आहे. गुण हाताला होता. आकडा दुसऱ्या गावचा होता.

पत्रकारांनी लिहिलेली, घर, बाग, मोबाइल, स्वयंपाकघर अशा सगळ्या रोजच्या गोष्टींना हात घालणारी पुस्तकं मला मनापासून आवडतात. तज्ज्ञाला जे विचारायला आपल्याला संकोच वाटतो ते पत्रकार बिनदिक्कत विचारतो, घरी करून बघतो आणि आपल्याला कळेल अशा भाषेत सांगतो. मात्र त्याचं घर एकाच ठिकाणी असतं. अशा पुस्तकातल्या कुठल्याही सल्ल्यात दोन गोष्टी गुंतलेल्या असतात, एक कारण आणि एक आकडा. कारण सगळीकडे लागू पडतं. आकडा मात्र जिथे मोजला तिथलाच असतो. हे दोन वेगळे काढता आले की कुठल्याही देशातलं पुस्तक ठाण्यात उपयोगी पडतं. ते कसं करायचं, हेच पुढे सविस्तर सांगतो.

सुरुवात थंडीपासून करू, कारण परदेशी पुस्तकांचं सगळं पंचांग थंडीवर बेतलेलं असतं. 'शेवटचं हिमतुषार (म्हणजे रात्री गोठणारं दव) पडून गेल्यावर बी पेरा' असं तिथे लिहितात. अमेरिकी पुस्तकांत प्रत्येक झाडापुढे एक विभाग-क्रमांक असतो. त्या जागी वर्षातल्या सर्वांत थंड रात्री पारा किती खाली जातो, याच्या सरासरीवरून तो ठरतो. म्हणजे तो क्रमांक एवढंच सांगतो की झाड थंडीने मरेल की नाही. ठाण्यात झाडं थंडीने मरत नाहीत, उकाड्याने आणि साचलेल्या पाण्याने मरतात. तेव्हा त्या क्रमांकाकडे बघत बसू नका.

आपलं पंचांग पावसावर फिरतं. मुंबईसाठी हवामान खात्याने २०२० मध्ये सुधारलेल्या तारखांप्रमाणे मोसमी पाऊस साधारण ११ जूनला येतो आणि ८ ऑक्टोबरला परततो. ठाण्याला हेच धरायला हरकत नाही. या चार महिन्यांत आपल्याकडे अडीच हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो. लंडनमध्ये वर्षभरात पडतो सहाशेच्या आसपास. आपला एकटा जुलै लंडनच्या वर्षावर भारी पडतो. त्यामुळे 'आठवड्यातून दोनदा पाणी द्या' असल्या वाक्याला इथे काहीच अर्थ उरत नाही. मे महिन्यात दिवसातून दोनदा द्यावं लागेल आणि जुलैमध्ये कुंडी आडोशाला ओढावी लागेल.

टोमॅटोची फुलं गळण्याचं कारणही तापमानातच आहे. रात्री पारा चोविशी-पंचविशीच्या खाली उतरला नाही आणि दिवसा पस्तिशीला टेकला की परागकण नीट तयार होत नाहीत. फूल येतं, फळ धरत नाही, देठापासून गळतं. ठाण्यात मे महिन्याच्या रात्री सत्तावीसच्या आसपास असतात. खत वाढवा, पाणी वाढवा, काहीच फरक पडणार नाही. तेच रोप सप्टेंबरअखेर बी टाकून तयार केलं तर डिसेंबर-जानेवारीत लगडतं. ज्या पुस्तकात टोमॅटो 'उन्हाळी भाजी' म्हणून दिलेला असतो, तिथला उन्हाळा म्हणजे आपला हिवाळा.

कांद्याची गोष्ट तर फार सुंदर आहे. कांद्याला गड्डा कधी धरायचा हे मुख्यतः दिवसाच्या लांबीवरून कळतं. काही जातींना दिवस चौदा तासांहून मोठा झाला की गड्डा धरायचा इशारा मिळतो, काहींना अकरा-बारा तास पुरतात. युरोपातला जूनचा दिवस सोळा तासांचाही असतो, म्हणून तिथल्या जाती पहिल्या प्रकारच्या. ठाण्यात वर्षातला सर्वांत मोठा दिवस सव्वातेरा तासांचा आणि सर्वांत छोटा अकरा तासांचा. म्हणजे परदेशातून मागवलेल्या पाकिटातल्या कांद्याला इथे तो इशारा कधी मिळतच नाही. हिरवीगार पात येत राहते, खाली काही नाही. पात हवी असेल तर उत्तमच. गड्डा हवा असेल तर आपल्याकडच्या जाती घ्या: निफाडची एन-५३, राजगुरुनगरच्या कांदा-लसूण संशोधन संस्थेच्या 'भीमा' मालिकेतल्या जाती, नाहीतर अलिबागचा पांढरा कांदा, जो भात निघाल्यावर थंडीच्या छोट्या दिवसांतच पोसतो.

आता उन्हाकडे वळू, कारण सर्वांत मोठा घोळ तिथे होतो आणि फ्लॅटमध्ये राहणाऱ्याच्या हातात निवड फारशी नसते. बिल्डरने जी गॅलरी दिली ती आपली.

युरोपातलं पुस्तक म्हणतं, उत्तरेच्या बाजूला सावलीतलीच झाडं लावा. ऑस्ट्रेलियातलं पुस्तक म्हणतं, उत्तरेची बाजू सर्वांत उन्हाची. दोघंही आपापल्या जागी बरोबर, आणि ठाण्यात दोन्ही अर्धवट. आपण विषुववृत्ताच्या उत्तरेला एकोणीस अंशांवर आहोत, म्हणजे कर्कवृत्ताच्या आत. त्यामुळे वर्षातून दोनदा, १५-१६ मे आणि २७-२८ जुलैच्या सुमारास, भर दुपारी सूर्य बरोबर डोक्यावर येतो. हेच ते शून्य सावलीचे दिवस. या दोन तारखांच्या मधल्या काळात सूर्य दिवसभर आपल्या उत्तरेकडून फिरतो. दुपारीसुद्धा. उलट, सप्टेंबरच्या शेवटापासून मार्चच्या तिसऱ्या आठवड्यापर्यंत तो दिवसभर दक्षिणेकडे असतो.

हे गॅलरीत उतरवून बघू. दक्षिणेकडे तोंड असलेली गॅलरी घ्या, चार फूट खोल, वर शेजाऱ्यांच्या गॅलरीचा स्लॅब, आपल्या गॅलरीच्या लादीपासून साडेनऊ फुटांवर. पुढे जाळीचा कठडा. डिसेंबरअखेर दुपारी सूर्य क्षितिजापासून सत्तेचाळीस अंशांवर असतो. स्लॅबच्या कडेखालून शिरलेलं ऊन आत पावणेनऊ फुटांपर्यंत जातं, म्हणजे गॅलरी ओलांडून थेट हॉलमधल्या सोफ्यापर्यंत. मार्चच्या तिसऱ्या आठवड्यात सूर्य एकाहत्तर अंशांवर चढतो आणि तेच ऊन सव्वातीन फुटांवर थांबतं. एप्रिल संपताना कठड्यालगत जेमतेम पाऊण फूट. मेच्या मध्यानंतर दुपारचं ऊन शून्य, थेट जुलैअखेरपर्यंत. कठडा जाळीचा नसून भिंतीचा असेल तर त्याचीही सावली यातून वजा करा. म्हणजे भर उन्हाळ्यात, जेव्हा बाहेर डांबर वितळतंय, तेव्हा दक्षिणेची गॅलरी सावलीत असते, आणि थंडीत तिथे भरपूर ऊन येतं. टोमॅटो, मिरची, वांगी, मुळा, मेथी या सगळ्यांचा कुंडीतला चांगला हंगाम इथे थंडीचाच, त्यामुळे दक्षिणेची गॅलरी मिळालेल्यांनी स्वतःला भाग्यवान समजावं.

उत्तरेच्या गॅलरीचं बरोबर उलटं. थंडीत थेट ऊन अजिबात नाही. मार्चनंतर सकाळ-संध्याकाळ तिरपं ऊन यायला लागतं, मेमध्ये चांगलं मिळतं, आणि जूनच्या दुसऱ्या आठवड्यात ढग येऊन ते झाकून टाकतात. तिथे फळभाजीचा हट्ट धरू नये. नागवेल, पुदिना, अळू, नेचे, मनीप्लांट ही मंडळी तिथे सुखात असतात.

पूर्व आणि पश्चिम या दोन दिशा इथे वर्षभर कामाच्या. पूर्वेचं ऊन कोवळं, रोपाला मानवणारं. पश्चिमेचं ऊन येतं तेव्हा भिंत, लादी, कठडा सगळं तापलेलं असतं, आणि काळी प्लास्टिकची कुंडी तर हात लावू देत नाही. पानं उन्हाशी झुंजतात, पण मुळं पस्तीस-चाळीस अंशांच्या मातीत काम थांबवतात. भरपूर पाणी असूनही झाड दुपारी लोळतं ते त्यामुळे. पश्चिमेला पन्नास टक्क्यांचं शेडनेट, म्हणजे निम्मं ऊन अडवणारी जाळी, मार्च ते मे लावा आणि कुंडी भिंतीपासून वीतभर पुढे ठेवा. कुंडी पांढरी किंवा मातीची असावी. आणि हो, समोर टॉवर उभा असेल तर वरच्या सगळ्या हिशेबातून त्याची सावली वजा करून घ्या. ठाण्यात तो असतोच.

तास मोजण्यापेक्षा प्रकाशच मोजला तर? लक्स हे प्रकाश मोजायचं एकक, आणि मोबाइलवर लक्समीटरचं फुकट अ‍ॅप मिळतं. फोनच्या पुढच्या बाजूला, पडद्याचा उजेड कमी-जास्त करणारा छोटा सेन्सर असतो, अ‍ॅप त्याचाच आकडा दाखवतं. फोन कुंडीत पानाच्या उंचीवर, पडदा आकाशाकडे करून ठेवा. भर दुपारी उघड्यावर एक लाख लक्सच्या आसपास दिसेल, गॅलरीतल्या उजळ सावलीत दहा-पंधरा हजार, ट्यूबलाइटच्या खोलीत दोनशे-तीनशे. आपल्या डोळ्यांना यातला फरक इतका मोठा कधीच वाटत नाही, कारण कमी उजेडाला डोळा लगेच सरावतो. झाडाला अशी सोय नाही. त्याला मोजून तेवढाच प्रकाश मिळतो, आणि तेवढंच अन्न बनतं.

हिशेबासाठी एक माप धरू: दहा हजार लक्स प्रकाश एक तास मिळाला म्हणजे एक माप. पालक, मेथी, कोथिंबीर अशा पालेभाजीला दिवसाला अठरा मापं मिळाली तर ती छान वाढते. टोमॅटो-मिरचीला तीस किंवा त्याहून जास्त हवीत. मनीप्लांट पाच-सहा मापांतही तग धरतो. आता बघा, एप्रिलच्या दुपारी उघड्यावर एका तासाला दहा मापं मिळतात. म्हणजे मिरचीची दिवसाची गरज तीन-साडेतीन तासांत भागते, बाकीचं ऊन तिला तापवण्यापलीकडे काही करत नाही. पुस्तकातले सहा तास जिथून आले तिथे ऊन इतकं कडक नसतं, म्हणून तास जास्त लागतात.

पावसाळ्याचं कोडंही यातच सुटतं. जुलैमध्ये भरून आलेल्या दिवशी उघड्यावर पंधरा-वीस हजार लक्स मिळतात, दिवसभराची वीसेक मापं होतात. पण गॅलरीत डोक्यावर स्लॅब असतो, आकाशाचा तुकडाच दिसतो, त्यामुळे आत सहा-सात मापंच पोचतात. तेवढ्यात मेथी उगवते, दोरीसारखी लांबते आणि आडवी पडते. खत कमी पडलं म्हणून आपण आणखी खत घालतो. तिला हवा असतो उजेड. एकेका फोनचा सेन्सर थोडा वेगळं दाखवतो, काही फोन कडक उन्हात एका आकड्यावर अडकून बसतात, तेव्हा या मापांना सोनाराच्या काट्याचा मान देऊ नका. पण गॅलरीच्या दोन कोपऱ्यांत तिप्पट फरक आहे, हे त्यावरून नक्की कळतं, आणि निर्णय घ्यायला तेवढं पुरतं.

दुसरं वाक्य, जे मराठी-इंग्रजी सगळ्या पुस्तकांत आहे आणि रोपवाटिकेतला भाऊही सांगतो: "मॅडम, तळाला खडी नाहीतर विटांचे तुकडे टाका, म्हणजे पाण्याचा निचरा होईल." हे इतक्या विश्वासाने सांगितलं जातं की ते चुकीचं असेल असं कुणाच्या मनातही येत नाही. पण कुंडीतल्या पाण्याचं गणित वेगळं आहे.

घरातला भांडी घासायचा नवा स्पंज घ्या, जाड आणि आयताकृती. पाण्यात पूर्ण भिजवा आणि तळहातावर आडवा, सपाट धरा. थोडं पाणी ठिबकेल आणि थांबेल. आता दाबू नका, पिळू नका, फक्त उभा धरा, लांब बाजू वर-खाली. पुन्हा पाणी गळायला लागेल, आणि बऱ्यापैकी गळेल. स्पंज तोच, छिद्रं तीच. बदलली फक्त उंची. स्पंजच्या बारीक छिद्रांत पाणी स्वतःला धरून ठेवतं आणि खालच्या काही बोटांच्या थरात ते साचून राहतं. त्या थराची जाडी स्पंज किती बारीक आहे यावर ठरते. स्पंज आडवा असताना तो जवळजवळ पूर्णच त्या थरात असतो. उभा केला की तेवढाच थर तळाला राहतो आणि वरचा भाग मोकळा होतो.

कुंडीतली माती अशीच वागते. प्रत्येक कुंडीच्या तळाशी, भोकं असली तरी, चिंब थर राहतो. त्याची जाडी मातीच्या बारीक-भरडपणावर ठरते, कुंडीच्या उंचीवर नाही. आता तळाला तीन इंच खडी टाकली तर काय होईल? माती बारीक, खडी भरड. बारीक मातीतलं पाणी खडीच्या मोठ्या पोकळ्यांत सहजासहजी उतरत नाही, ते मातीच्या तळाशीच, खडीच्या वर अडकून राहतं. चिंब थर तेवढाच, फक्त तीन इंच वर सरकलेला, मुळांच्या आणखी जवळ. निचरा होण्याऐवजी मुळांची जागाच कमी होते. भोकातून माती वाहून जाऊ नये म्हणून एखादा खापराचा तुकडा किंवा जाळीचा चौकोन ठेवला तर हरकत नाही. थर नको.

चिंब माती वाईट का? मुळांनाही श्वास घ्यावा लागतो. हवेत प्राणवायू जितक्या सहज पसरतो त्याच्या दहा हजारपट सावकाश तो पाण्यातून सरकतो. मातीतल्या पोकळ्या पाण्याने भरल्या की मुळं गुदमरतात, कुजायला लागतात आणि बुरशीला आयतं खाद्य मिळतं. अशा वेळी झाडाची पानं मलूल होतात, अगदी पाणी कमी पडल्यासारखी. आणि आपण प्रेमाने आणखी एक तांब्या ओततो. ठाण्यात जुलैत तुळशी जातात त्यांतल्या बऱ्याच अशा जातात.

उपाय मातीतच करायचा. आपल्याकडची लाल माती चांगली आहे, पण कुंडीत एकटी घातली तर पावसाळ्यात चिखल आणि मेमध्ये वीट होते. एक भाग माती, एक भाग कोकोपीट (नारळाच्या सोडणाचा भुसा), एक भाग चांगलं कुजलेलं शेणखत किंवा गांडूळखत, आणि त्यात दोन-तीन मुठी भरड वाळू किंवा भाताचं तूस. बारीक वाळू घालू नका, ती पोकळ्या बुजवते. कोकोपीट एकदा-दोनदा पाण्यात भिजवून निथळून घ्या, कारण नारळाच्या सोडणात मीठ असतं. रुंद पसरट कुंडीपेक्षा उंच कुंडी पावसाळ्याला बरी, स्पंजचं कारण तेच. आणि जून ते सप्टेंबर कुंडीखालच्या ताटल्या काढून ठेवा. त्यात साचणारं पाणी मुळांना त्रास देतंच, शिवाय डेंग्यूचा डास तिथेच अंडी घालतो. महापालिकेची माणसं दरवर्षी दारोदार हेच सांगत फिरतात, त्यांचं ऐका.

इथे वजनाबद्दल एक गोष्ट सांगायलाच हवी. बारा इंची कुंडीत ओली माती भरली की तिचं वजन पंचवीस-तीस किलो सहज होतं. भारतीय मानकांप्रमाणे घराच्या गॅलरीचा आराखडा चौरस मीटरला सुमारे तीनशे किलो भार धरून करतात. नव्या बांधकामात दहा-बारा कुंड्या भिंतीलगत ठेवल्या तर काळजीचं कारण नाही. नौपाड्यातल्या, पाचपाखाडीतल्या जुन्या इमारतींत, जिथे सळया दिसायला लागल्यात, तिथे कुंड्यांची रांग मांडण्याआधी सोसायटीमार्फत स्ट्रक्चरल इंजिनीअरला विचारा. आणि कठड्यावर, ग्रिलबाहेर कुंडी ठेवू नका. खालून मुलं जात असतात.

खताबद्दल थोडक्यात. पाकिटावर १९:१९:१९ असे तीन आकडे असतात. पहिला नत्राचा, दुसरा स्फुरदाचा, तिसरा पालाशचा, वजनाच्या टक्केवारीत. शंभर ग्रॅम पुडीत एकोणीस ग्रॅम नत्र, एवढाच त्याचा अर्थ. कुंडीसाठी लिटरभर पाण्यात एक ग्रॅम, पंधरा दिवसांनी एकदा, पुष्कळ होतं. 'एक चमचा' असं लिहिलेलं असेल तर सावध राहा, सपाट चहाच्या चमच्यात चार-पाच ग्रॅम मावतात आणि मुळं पोळतात. परदेशी पुस्तकात मिश्रणात चुना घालायला सांगितलेला असेल तर तो सरळ गाळा. तिथे दलदलीतलं पीट वापरतात, ते बरंच आम्ल असतं, म्हणून चुना. कोकोपीट तितकं आम्ल नसतं.

अशा पुस्तकांत हल्ली उपकरणांचंही एक प्रकरण असतं आणि त्यात मातीतला ओलावा मोजणारा तो दोन दांड्यांचा मीटर असतो. बॅटरी न लागणारा, स्वस्त, ऑनलाइन सगळीकडे मिळणारा. तो कसा चालतो हे कळलं की त्याच्यावर किती विसंबायचं हेही कळतं. त्याच्या दांड्या दोन वेगळ्या धातूंच्या असतात. ओल्या मातीत त्यांच्यामध्ये बारीकसा विद्युतप्रवाह तयार होतो आणि त्यावर काटा हलतो. म्हणजे तो पाणी मोजत नाही, माती वीज किती सहज वाहू देते ते मोजतो. मातीत खताचे क्षार जास्त असतील तर कमी ओलीतही काटा उजवीकडे जातो. उलट भुसभुशीत कोकोपीटमध्ये दांडीला माती नीट टेकतच नाही, तेव्हा ओल असूनही 'कोरडं' दाखवतो. दोन बोटं मातीत खुपसणं किंवा कुंडी थोडी उचलून वजनाचा अंदाज घेणं, हे त्यापेक्षा खात्रीचं आहे. गावी जायचं असेल आणि टायमरवरचं ठिबक लावायचं असेल तर विद्युत धारकता (कपॅसिटन्स) मोजणारे सेन्सर मिळतात, त्यांच्यावर क्षारांचा परिणाम बराच कमी होतो, दांड्या गंजतही नाहीत.

कारण आणि आकडा वेगळे काढायची ही रीत बागेबाहेरही चालते. पाव करायच्या पुस्तकात लिहिलेलं असतं, पीठ दोन तास फुगू द्या. ते स्वयंपाकघर वीस-बावीस अंशांचं. यीस्ट उबेत भराभर वाढतं. ठाण्यात मेच्या दुपारी बत्तीस अंशांत तेच पीठ तासाभरात दुप्पट होतं आणि दोन तासांत आंबून बसतं. कारण लक्षात ठेवा, पीठ दुप्पट झालं की झालं, घड्याळ बाजूला ठेवा. फोनच्या बॅटरीवरचे सल्ले बघा. थंड देशातला लेखक सांगतो, गारठ्यात बॅटरी लवकर उतरते, फोन खिशात उबेला ठेवा. खरं आहे, पण तो उतार तात्पुरता. आपल्याला त्रास उष्णतेचा, आणि तो कायमचा. लिथियम बॅटरी पूर्ण भरलेली आणि तापलेली राहिली की आतली रसायनं झपाट्याने म्हातारी होतात. म्हणून गॅलरीत उन्हात किंवा गाडीच्या डॅशबोर्डवर चार्जिंगला लावू नका, जाड कव्हर तापत असेल तर चार्ज करताना काढा. 'सेटिंगमध्ये जा, मग अमुक दाबा' अशी पानंच्या पानं मात्र बिनदिक्कत ओलांडा. पुस्तक छापून होईपर्यंत ते पडदे बदललेले असतात.

म्हणून पुस्तक हातात आलं की पहिलं प्रकरण उघडण्याआधी शीर्षकामागचं पान बघा, जिथे प्रकाशनाचं गाव आणि पहिल्या आवृत्तीचं वर्ष असतं. मग मनोगत वाचा, लेखक कुठल्या घरात, कुठल्या गावात हे सगळं करून बघत होता ते तिथे बहुतेक वेळा सापडतं. ठाण्याच्या मराठी ग्रंथसंग्रहालयात, १८९३ सालच्या आपल्या या जुन्या संस्थेत, शेती-बागेच्या कपाटापाशी एखादा शनिवार काढा आणि दोन-तीन पुस्तकांत एकाच रोपाबद्दलचा सल्ला शेजारी-शेजारी ठेवून वाचा. जिथे आकडे वेगळे आणि कारण एक, तिथे काम झालं. कोकणाबद्दल, म्हणजे आपल्याच हवेबद्दल, वाचायचं असेल तर दापोलीच्या कृषी विद्यापीठाच्या पुस्तिका शोधा. त्या शेतकऱ्यासाठी लिहिलेल्या आहेत, एकरांत बोलतात, पण पेरणीच्या वेळा कुंडीलाही तशाच लागू पडतात.

गॅलरीत काय लावायचं याचा अंदाज बाजारातही येतो. पावसाळ्यात स्टेशनजवळ आणि जांभळी नाक्याला येऊरकडच्या आदिवासी बायका टाकळा, कुरडू, शेवळं, कर्टुलं घेऊन बसतात. त्या टोपलीत टोमॅटो नसतो. कमी उन्हात आणि मुसळधार पावसात इथे काय जोमाने वाढतं हे टोपली बघून कळतं. गॅलरीसाठी त्याच स्वभावाची झाडं निवडा: अळू, हळद, आलं, गवती चहा. हळद-आल्याचे कोंब आलेले तुकडे मेअखेर लावले की पावसाळाभर पानं मिळतात आणि जानेवारीत कुंडी उपसून कंद.

पालेभाज्या आणि टोमॅटो-मिरचीसाठी बी सप्टेंबरच्या शेवटच्या आठवड्यात ट्रेमध्ये टाका. धणे टाकताना लाटण्याने हलके रगडून दोन फाका करा, प्रत्येक धण्यात दोन बिया असतात. रोपं आठ-दहा दिवसांची होतात तोवर पाऊस सरतो आणि ऑक्टोबरचा कडक उकाडा सुरू होतो. पुस्तकात या उकाड्याचा उल्लेख सहसा नसतो, तो आपल्याकडचाच पाहुणा आहे. तेव्हा शेडनेट मेनंतर काढून माळ्यावर टाकलं असेल तर ते पुन्हा खाली काढा, दिवाळीपर्यंत दुपारी बारा ते चार रोपांवर धरा, आणि थंडी पडायला लागली की रोपं कठड्याजवळ पुढे आणा.